मॅडमचे चिरंजीव कुठे आहेत?

गेल्या महिन्यात अकोल्याला जाणे झाले. अमरावतीहून एसटीत बसलो, बडनेरा मागे पडले, मूर्तिजापूर आले. या रस्त्याने जाताना हल्ली आम्हाला एक गोष्ट हमखास आठवते. २०२२ च्या जून महिन्यात अमरावती ते अकोला या टप्प्यात ७५ किलोमीटर लांबीचा डांबरी पट्टा १०५ तास ३३ मिनिटांत सलग टाकला गेला आणि त्याची नोंद गिनीज बुकात झाली. ७२० माणसे रात्रंदिवस त्या कामावर होती. बातमी साऱ्या देशाने वाचली. पण त्या ७२० पैकी एकाचे तरी नाव सांगा म्हटले तर आम्हालाही सांगता येणार नाही. अन् रोज त्याच रस्त्याने आपण जातो-येतो.

अकोल्याला आम्ही ज्यांच्याकडे उतरतो त्या आपा आता निवृत्त झाल्या आहेत. तीस वर्षे त्यांनी उर्दू शाळेत शिकवले. त्यांचे नाव आम्ही येथे देत नाही, पण मोर्णेच्या अलीकडे-पलीकडे त्यांचा आवाज न ओळखणारे घर विरळाच. पंधरा ऑगस्ट असो, शाळेचे स्नेहसंमेलन असो की महिलांचा सीरतचा जलसा असो, सूत्रसंचालन आपांचेच. उर्दूत सुरू करतील, मध्येच शुद्ध मराठीत येतील आणि समोर खेड्यातल्या बाया बसल्या असतील तर वऱ्हाडीत एक वाक्य असे टाकतील की सारा मंडप हसेल. आमच्या वर्तुळात त्या एखाद्या नामवंत नटीइतक्याच प्रसिद्ध आहेत.

या वेळी मात्र आपांचा चेहरा उतरलेला होता. चहा झाला आणि त्यांनी विषय काढला.

"पोरगा तीन आठवडे झाले, माझ्याशी बोलत नाही. तुम्ही त्याला समजवा."

धाकटा मुलगा तेवीस वर्षांचा. बी.ए. झाला, डी.एड. अर्ध्यावर सोडले आणि एका साउंडवाल्याकडे कामाला लागला. लग्ने, जलसे, कव्वाली, नेत्यांच्या सभा. जिथे स्पीकर लागतो तिथे हा. आपांना ते कधी रुचले नाही. "मॅडमचा पोरगा वायरी गुंडाळतो म्हणे," असे कुणी म्हटले की त्यांच्या जिवाला लागायचे. तरी घर चालू होते.

मग आपांचा निवृत्तीनिमित्त सत्कार झाला. हॉल भरलेला. आपांनी भाषण केले, लोकांनी डोळे पुसले. शेवटी माइकवरच्या गृहस्थांनी सहज विचारले, "मॅडमचे चिरंजीव कुठे आहेत? त्यांनाही स्टेजवर बोलवा." आपांच्या तोंडून निघून गेले, "तो बाहेरगावी आहे."

मुलगा बाहेरगावी नव्हता. हॉलच्या मागच्या भिंतीला लागून मिक्सरवर बसला होता. आईचा आवाज शेवटच्या रांगेपर्यंत तोच पोचवत होता. कानाला हेडफोन होता, त्यामुळे ते वाक्य इतर सर्वांपेक्षा त्यालाच स्पष्ट ऐकू आले. त्याने काम पुरे केले, वायरी गुंडाळल्या, गाडीत पेट्या चढवल्या आणि रात्री दोनला घरी आला. तेव्हापासून तो कामापुरते "हो" आणि "नाही" एवढेच बोलतो.

आपा म्हणाल्या, "मला त्याची लाज वाटली असे नाही हो. पण त्या वेळी तोंडातून तेच निघाले."

आम्ही काय समजावणार? ज्याला समजवायला सांगितले तो घरी नव्हता, आणि चुकले होते ते समोर बसलेल्याचे. मग आम्ही त्यांना एका घराची हकीकत सांगितली. तीच आज वाचकांपुढे ठेवतो.

शबाना आझमी कोण हे विचारावे लागत नाही. कैफी आझमींचे नाव शायरीची आवड असलेल्या प्रत्येक घरात आहे. शबानाच्या आई शौकत यादेखील अभिनेत्री होत्या, हेही पुष्कळांना ठाऊक असते. हैदराबादच्या या मुलीने १९४७ मध्ये कैफींशी निकाह केला आणि मुंबईत कम्युनिस्ट पक्षाच्या सामाईक बिऱ्हाडात संसार मांडला. एकेका कुटुंबाला एकेक खोली, मोरी-संडास सर्वांचे मिळून. शायराच्या कमाईत भागत नव्हते, म्हणून शौकत कामाला लागल्या. पृथ्वीराज कपूर यांच्या पृथ्वी थिएटरमध्ये त्यांनी नोकरी केली. तान्ह्या शबानाला बरोबर घेऊन तालमीला जात. 'इप्टा'च्या नाटकांत त्यांचे नाव झाले. पुढे 'गर्म हवा' (१९७३) मध्ये बलराज साहनींच्या पत्नीची भूमिका, 'उमराव जान' (१९८१) मधली खानम, 'सलाम बॉम्बे' (१९८८). ज्यांनी 'गर्म हवा' पाहिला त्यांना आग्र्याच्या त्या हवेलीतली, फाळणीनंतर एकेक माणूस निघून जाताना पाहणारी घरधनीण विसरता येत नाही.

आता विचारतो: याच घरातला मुलगा कोण? आपांना विचारले, त्यांना सांगता आले नाही. आमच्या वाचकांपैकीही बहुतेकांना सांगता येणार नाही.

त्यांचे नाव बाबा आझमी. ते कॅमेरामन आहेत. 'मिस्टर इंडिया' (१९८७), 'तेजाब' (१९८८), 'दिल' (१९९०), 'बेटा' (१९९२), या सर्व चित्रपटांचे छायाचित्रण त्यांचे. म्हणजे ज्या घरात एकही सिनेमा टॉकीजमध्ये जाऊन पाहिला गेला नसेल त्या घरानेसुद्धा टीव्हीवर कधी ना कधी बाबा आझमींच्या डोळ्यांनी पाहिले आहे. 'मिस्टर इंडिया'तला अदृश्य नायक फक्त लाल उजेडात दिसतो, हे आजच्या लहान मुलांनाही ठाऊक आहे. कॅमेऱ्यामागच्या माणसाला तर तोही उजेड मिळत नाही. पडद्यावर नाव येते तेव्हा लोक खुर्ची शोधत असतात.

आई अभिनेत्री, बहीण अभिनेत्री, वडील शायर. या मुलाला पडद्यावर येण्याचा रस्ता काही अवघड नव्हता. आणखी एक गंमत. त्यांची पत्नी तन्वी आझमी याही अभिनेत्री, आणि त्या कोणाच्या कन्या? आपल्या मराठी चित्रपटांच्या नामवंत नायिका उषा किरण यांच्या. 'शिकलेली बायको' (१९५९) आमच्या आईच्या पिढीने डोळ्यांत पाणी आणून पाहिला. त्याच उषा किरण हिंदीत 'पतिता' (१९५३) मध्येही होत्या, आणि पुढे मुंबईच्या शेरीफही झाल्या. म्हणजे आई नटी, बहीण नटी, सासू नटी, बायको नटी. चहूकडे दिव्यांचा झोत, आणि हा गृहस्थ तो झोत कुठून आणि किती पडावा हे ठरवणारा.

कॅमेरामनचे काम म्हणजे नुसते बटण दाबणे नव्हे. कोणत्या बाजूने उजेड घ्यायचा, चेहऱ्याच्या कोणत्या भागावर सावली ठेवायची, कोणती काच लावायची, नट दोन पावले पुढे आला तर चित्र धूसर होऊ नये म्हणून कोणी किती वेळात अंतर बदलायचे, हे सारे त्याच्या हुकमाने चालते. त्याच्या हाताखाली सहाय्यक असतात, दिवे उचलणारे असतात, रूळ टाकणारे असतात. फिल्मच्या जमान्यात तर चित्र नीट आले की बिघडले हे रीळ धुऊन येईपर्यंत कळत नसे. तोवर जबाबदारीचे ओझे त्याच्याच डोक्यावर.

एवढी वर्षे दुसऱ्यांचे चित्रपट टिपून झाल्यावर बाबा आझमींनी स्वतः दिग्दर्शित केलेला पहिला चित्रपट २०२० मध्ये आला, 'मी रक्सम'. तो त्यांनी कुठे चित्रित केला? उत्तर प्रदेशात आजमगढ जिल्ह्यातल्या मिजवान गावी, वडिलांच्या जन्मगावी. अर्धांगाचा झटका येऊनही कैफींनी त्या मागास खेड्यात मुलींच्या शाळेसाठी, रस्त्यासाठी आयुष्याची शेवटची वर्षे घातली होती. चित्रपटाची गोष्ट एका शिंप्याची आहे. आईविना पोरकी झालेली त्याची मुलगी मरियम हिला भरतनाट्यम शिकायचे आहे. दोन्हीकडचे लोक नाके मुरडतात. बाप मात्र मुलीच्या मागे उभा राहतो. नृत्याबद्दल, सिनेमाबद्दल आपल्या घराघरांत वेगवेगळी मते आहेत आणि त्या वादात आम्ही आज शिरत नाही. आम्हाला एवढेच दिसले, की जो माणूस जन्मभर कुणाच्या तरी मागे उभा राहिला, त्याने पहिली गोष्ट सांगितली तीही मागे उभ्या राहणाऱ्या बापाचीच.

शौकत आपा २०१९ च्या नोव्हेंबरमध्ये गेल्या. मुलाचा हा चित्रपट पडद्यावर आला तेव्हा त्या नव्हत्या.

हे ऐकून आपा म्हणाल्या, "ते मोठ्यांचे घर. आमच्याकडे कोण विचारतो?"

बरोबर आहे. म्हणून आता आमच्या अमरावतीची गोष्ट.

अमरावती आणि भुसावळ ही एके काळी सिनेमाच्या धंद्यातली वजनदार नावे होती. मुंबईत चित्रपट तयार झाला की देशाचे जे वितरणाचे भाग पाडलेले असत, त्यांतला एक सी.पी.-बेरारचा. त्या भागाच्या वितरकांच्या कचेऱ्या या दोन गावांत होत्या. रेल्वेने रिळांच्या पत्र्याच्या पेट्या उतरत आणि तेथून खेडोपाडीच्या टॉकीजला आणि जत्रेतल्या तंबूंना जात. आजही अमरावतीत चित्रा चौक, प्रभात चौक, श्याम चौक म्हटले की जुन्या माणसाला टॉकीज आठवते.

आमच्या मोहल्ल्यात एक चाचा आहेत. चाळीस वर्षे टॉकीजमध्ये ऑपरेटर होते. हजार फुटांचे एक रीळ अकरा मिनिटे चालते. एका मशिनवरचे रीळ संपत आले की पडद्याच्या वरच्या कोपऱ्यात क्षणभर ठिपका दिसतो. दुसरा ठिपका दिसताक्षणी दुसरे मशिन सुरू झाले पाहिजे, नाहीतर पडदा पांढरा. मशिनमध्ये कार्बनच्या कांड्या जळत. त्या जवळ-दूर करत राहाव्या लागत, उकाडा असा की मे महिन्यात त्या खोलीत उभे राहणे म्हणजे सजाच. कधी एकच प्रिंट दोन टॉकीजला मिळून असे. मग एक पोरगा सायकलवर रिळे घेऊन इकडून तिकडे धावे. चाचांनी शेकडो सिनेमे दाखवले, पण एकही सलग नीट पाहिला नाही.

त्यांना एकदा आम्ही विचारले होते, "चाचा, लोकांनी कधी तुमचं नाव घेतलं का?"

चाचा हसले. म्हणाले, "बाप्पा, पिक्चर बरोबर चालला तं मांगं कोणी पाह्यत नाही. अटकला का अख्खी टॉकीज मांगं वळून पाह्यते अन् शिट्ट्या मारते. मले कोणी पाह्यलं नाही तो दिवस माया चांगला."

पडद्यामागच्या कामाची सारी परीक्षा चाचांच्या या बोलण्यात आहे. चूक झाली तरच ज्याच्याकडे पाहिले जाते, तो माणूस बाहेरच्यांकडून शाबासकीची आशा सोडून देतो. पण घरच्यांकडून सोडत नाही. चाचांची बायको रात्री बाराचा शो सुटेपर्यंत जागी राहायची आणि भाकर गरम करून द्यायची. ते आजही तेवढेच सांगतात.

आपांना आम्ही आणखी एक नाव सांगितले. नसीम बानो. 'पुकार' (१९३९) मध्ये नूरजहाँ झालेली, आपल्या काळातली सर्वांत देखणी म्हणून गाजलेली अभिनेत्री. मुलगी सायरा बानू सिनेमात आली तेव्हा नसीम बानोंनी स्वतः पडद्यावरून बाजूला होऊन मुलीचे पोशाख तयार करण्याचे काम अंगावर घेतले. आणि त्याही आधी, १९२६ मध्ये, फातमा बेगम या अभिनेत्रीने स्वतःची कंपनी काढून 'बुलबुल-ए-परिस्तान' दिग्दर्शित केला. हिंदुस्थानातली ती पहिली स्त्री दिग्दर्शक. त्यांची मुलगी जुबेदा पाच वर्षांनी पहिल्या बोलपटाची, 'आलम आरा'ची, नायिका झाली. म्हणजे आपल्याच घरांतल्या या बायांना मागे उभे राहण्यात कमीपणा वाटला नाही. आई मुलीच्या मागे उभी राहिली तर आपण त्याला ममता म्हणतो. मग मुलगा आईच्या मागे मिक्सरवर बसला तर त्याला वायरी गुंडाळणे का म्हणावे?

आपा बराच वेळ गप्प होत्या.

आता दुसरी बाजूही सांगितली पाहिजे, नाहीतर आमचे म्हणणे एकतर्फी होईल. आपांची काळजी सगळीच लोकलाजेची नव्हती. रात्रीची कामे, कामाचे पैसे महिना-दोन महिने लांबणे, ना भविष्यनिर्वाह निधी, ना सुटी. पावसात ओल्या जमिनीवर विजेची वायर. मुलाच्या हिताचा विचार करणाऱ्या आईने हे विचारलेच पाहिजे. पण "हे सोड" हा त्यावरचा एकच उपाय नव्हे. "हे नीट शिक" हाही उपाय आहे. आयटीआयमध्ये इलेक्ट्रिशियनचा दोन वर्षांचा कोर्स असतो. अर्थिंग म्हणजे काय, भार किती घ्यायचा, हे तेथे शिकून आलेला मुलगा मंडपात स्वतःही वाचतो आणि चार लोकांना वाचवतो. पदवीधर असेल आणि मनात मोठी उडी असेल तर पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये, जी १९६० मध्ये सुरू झाली, ध्वनीचा आणि छायाचित्रणाचा स्वतंत्र अभ्यासक्रम आहे. प्रवेश परीक्षेतून मिळतो. आपांचा मुलगा बी.ए. आहे, दार त्याला बंद नाही. सिनेमाच्या आणि टॉकीजच्या कामगारांसाठी १९८१ चा कायदाही होता, त्यात करार लेखी असावा असे म्हटले होते. लग्नाच्या मंडपात तो कायदा चालत नसे, पण त्यातली शिकवण चालते: काम घेण्याआधी रक्कम आणि तारीख कागदावर लिहून घ्यावी. उधारीचा व्यवहार लिहून ठेवण्याची ताकीद तर आपल्याला कुरआनातच आहे.

आणि मुलांनाही एक सांगणे. नामवंत आईचे मूल असणे सोपे नसते. जिथे जाल तिथे "अमुकच्या पोराचं" म्हणून तोलले जाता. मागे उभे राहायचे तर ते आपल्या आवडीने. आईच्या नावाच्या सावलीत लपायला म्हणून नको, आणि तिच्यावर रुसून तर मुळीच नको. बाबा आझमींनी कॅमेरा धरला म्हणून शौकत आपांचे नाव झाकले गेले नाही, आणि आईचे नाव होते म्हणून कॅमेऱ्याची फिल्म आपोआप उजळली नाही. उजेड त्यांचा त्यांनाच मोजावा लागला.

संध्याकाळी मुलगा आला. सलाम केला, हातपाय धुतले, जेवायला बसला. आम्ही काहीही समजावले नाही. सत्काराच्या दिवशी मागच्या रांगेत आवाज कसा येत होता एवढेच विचारले. तो म्हणाला, "अम्मी 'स'वर जोर देतात, तो कानाला टोचतो. मी तेवढा कमी करून ठेवतो. सात वर्षांचा होतो तेव्हापासून ऐकतोय, मला माहीत आहे कुठे कमी करायचा." आपा पोळी वाढता वाढता थांबल्या. तीस वर्षे माइकवर बोलल्या, पण हे त्यांना कोणी सांगितले नव्हते.

आम्ही अमरावतीला परतलो. पंधरा दिवसांनी आपांचा फोन आला. शाळेच्या जुन्या विद्यार्थिनींचा मेळावा होता. सूत्रसंचालनाला उभ्या राहिल्या तेव्हा सलामनंतर पहिले वाक्य त्यांनी हे म्हटले, "माझा आवाज मागपर्यंत येतोय ना? यंत्रावर माझा मुलगा आहे, न आला तर त्याला विचारा." बायका हसल्या आणि सगळ्यांनी मागे वळून पाहिले. चाचांच्या हिशेबाने असे मागे वळून पाहणे म्हणजे काहीतरी बिघडल्याची खूण. त्या दिवशी काही बिघडले नव्हते.

"मग बोलतो का आता?" आम्ही विचारले.

"बोलतो. पण पहिल्यासारखं नाही. वेळ लागेल," आपा म्हणाल्या. "काल म्हणाला, अम्मी, माइक थोडा जवळ धरत जा."

वाचकहो, आज रात्री दस्तरखानवर घरचे सारे बसतील तेव्हा एकदा पाहा. तुमच्या घरातही कोणी तरी असेल. कुणाच्या दुकानात हिशेब लिहिणारा, कुणाच्या शिवणयंत्रावर काज-बटण करणारी, कुणाच्या लग्नात देगीखालचा जाळ सांभाळणारा. त्याच्याबद्दल कोणी विचारले तर "तो बाहेरगावी आहे" असे म्हणू नका. तो तिथेच, मागच्या भिंतीला लागून बसलेला असतो, आणि त्याला सारे ऐकू येते.